ब्रीडीबाईंची पाच बटणं

ब्रीडीबाई सलालाहच्या मराठी मंडळाच्या स्नेहसंमेलनाला प्रमुख पाहुण्या म्हणून आल्या, तर आपल्याला काय काय मिळेल, याचा हिशेब वसुंधरेनं दुकानात इस्त्री करता करता मनात मांडून टाकला. एक, माइकसमोर सात मिनिटं, आणि तीही कार्यक्रमाच्या सुरुवातीला, जेव्हा माणसांची पोटं रिकामी असली तरी लक्ष जाग्यावर असतं. दोन, व्यासपीठावर खुर्ची. टोकाची का होईना, पण पाठीला टेकायला मखमल असलेली. तीन, समईजवळच्या फोटोत अख्खा चेहरा, कुणाच्या तरी खांद्यामागून डोकावणारा अर्धा नव्हे. आणि चार, ज्याच्यापुढे आधीची तिन्ही म्हणजे चिल्लर: आभारप्रदर्शनातून कायमची सुटका. खर्चाच्या बाजूला एक शाल, एक श्रीफळ आणि डोंगराच्या पायथ्याशी आठदहा खेपा. त्यातलं श्रीफळ धरायचंच नाही, ओमानातल्या या सलालाहत नारळ रस्त्याकडेच्या टपऱ्यांवर ढिगांनी पडलेले असतात. खेपा तर नोकरीसाठी घालाव्याच लागणार होत्या. असा सोपा व्यवहार तिला चौदा वर्षांत दिसला नव्हता.

चौदा वर्षं म्हणजे आभारप्रदर्शनाची चौदा वर्षं. पहिल्या वर्षी ज्या वहिनी आभार मानणार होत्या त्यांना ताप आला. नवीनच लग्न होऊन देवरुखाहून आलेली वसुंधरा रिकामी दिसली, तिच्या हातात कागद दिला गेला. तो कागद पुन्हा कुणी मागितला नाही. आभारप्रदर्शन हे काम ज्यांना करावं लागत नाही त्यांना ते सोपं वाटतं. प्रत्यक्षात वक्ता "सर्वप्रथम" म्हणतो आणि त्याच क्षणी हॉलच्या मागे मसालेभाताच्या पातेल्याचं झाकण निघतं. दुसऱ्या वाक्याला खुर्च्या सरकतात. चौथ्या वाक्याला समोर फक्त झोपलेली मुलं उरतात, आणि रमण.

रमण हा साउंडवाला, केरळचा. त्याला मराठीचं अक्षर कळत नसे. पण माइक परत घ्यायचा असल्यामुळे त्यानं चौदाच्या चौदा भाषणं उभ्यानं ऐकली होती. वसुंधरेचा आवाज कुठल्या शब्दावर खाली येतो आणि वायर गुंडाळायला कधी लागायचं, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. मंडळात तिचा एकमेव रसिक म्हणायचा तर तोच.

मंडळाचा एक जुना नियम होता: जो पाहुणा आणेल तो पाहुण्याचा परिचय करून देईल. आणि एकदा परिचय केलेल्याला पुन्हा कुणी आभाराला उभं करत नसे. अध्यक्षा विशाखाताई. त्यांचे यजमान मोठ्या दवाखान्यात डॉक्टर. त्यामुळे पाहुणे नेहमी त्यांचेच, कधी बँकेचे मॅनेजर, कधी हृदयरोगतज्ज्ञ, आणि परिचयही नेहमी त्यांचाच. वसुंधरेचा नवरा प्रशांत बंदरावर क्रेनच्या देखभालीला होता. तो कुणाला आणणार? आणलाच असता तर क्रेन.

आणि २०१५ च्या खरिफात, म्हणजे सलालाहच्या त्या धुक्याच्या, भुरभुर पावसाच्या दिवसांत, एक आयरिश बाई आपण होऊन चालत आली.

त्याचं असं झालं. सत्तरच्या दशकात ओमानच्या दवाखान्यात काम करायला आलेल्या एका आयरिश नर्सवर टीव्हीची मालिका निघत होती. वाळवंट तर ओमानात हवं तेवढं; पण नर्सला अधूनमधून आपलं गाव आठवायचं होतं. निर्मात्यानं तिकिटांचे दर पाहिले, मग खरिफातल्या सलालाहचा एक फोटो पाहिला, आणि आयर्लंड इथेच आहे असं जाहीर केलं. हिरवं आहे, ओलं आहे, धुकं आहे, गाई आहेत. उंट तेवढे हाकलले की झालं.

कपड्यांची दुरुस्ती बाबामियाँच्या दुकानाकडे आली. बाबामियाँ रत्नागिरीकडचे, तीस वर्षं सलालाहत शिवणाचं दुकान चालवणारे. त्यांच्याकडे चार कारागीर आणि फिटिंगला वसुंधरा.

"अगो वसुंधरा," ते म्हणाले, "सिनेमावाले हायत. डोंगराच्या पायथ्याला जायचं. कोट सैल करायचा, घट्ट करायचा, सांगतील तसं. यल्ला, चल, पेटी उचल."

कोट खरा आयर्लंडचा होता, जाडजूड लोकरीचा, आणि सलालाहच्या दमट हवेत तो घालून उभी होती अडुसष्ट वर्षांची ब्रीडी कॉस्टिगन. नर्सची आई. घामानं तिची आंघोळ झाली होती.

"बेचाळीस वर्षांत पहिल्यांदा परदेशात काम मिळालं," ती कुणाला तरी सांगत होती, "आणि विमानातून उतरले तर पुन्हा आयर्लंडच!"

वसुंधरेनं कोट उलटा केला, आतलं जाड अस्तर उसवलं आणि अर्ध्या तासात तिथे मलमल लावून दिली. बाहेरून हिवाळा, आतून उन्हाळा. ब्रीडीबाईंनी कोट अंगावर चढवला, एक लांब श्वास सोडला आणि वसुंधरेच्या हाताची चक्क पापी घेतली. "वसुंधरा" काही त्यांच्या जिभेला पेलेना. त्यांनी तिची "वसू" केली. आता हे तिचं माहेरचं नाव. सलालाहत ते कुणाला माहीतही नव्हतं. हिशेबी बाईसुद्धा अशा वेळी थोडी फसते.

इंग्रजी वसुंधरेला बऱ्यापैकी येई, ब्रीडीबाईंचं मात्र निम्मंच कळे. बाकीचं त्यांच्या भुवयांवरून कळायचं. तिसऱ्या खेपेला तिनं संमेलनाला येण्याचं विचारून टाकलं आणि बाईंनी विचारलं, "जेवण आहे?"

"आहे. मसालेभात, अळूवडी, जिलबी."

"मग येते."

त्याच संध्याकाळी कमिटीच्या बैठकीत वसुंधरेनं सांगितलं, "यंदा पाहुणी मी आणतेय. हॉलिवूडची अभिनेत्री."

आता हॉलिवूड कुठे आणि डब्लिन कुठे. पण मंडळाच्या दृष्टीनं गोऱ्या बाईनं कॅमेऱ्यासमोर तोंड दाखवलं की ते हॉलिवूडच. रात्र व्हायच्या आत व्हॉट्सॲपवर बातमी फिरली. दुक्मला रिफायनरीच्या कामावर असलेले आपले चाळीस-एक गडी, ज्यांना बायकामुलं आणि जिलबी वर्षातून एकदाच दिसायची, त्यांनी मिनीबस ठरवून टाकली. विशाखाताई गोड हसल्या. त्यांचं हसणं बिनसाखरेच्या मिठाईसारखं होतं, चव गोड आणि नंतर जिभेवर काहीतरी राहून जाणारं.

"छानच की गं. मग परिचय तूच कर. नियमच आहे आपला. लेखी दे हं मला, पत्रिकेत छापायचाय."

चौथ्या खेपेला वसुंधरा वही घेऊन गेली. ब्रीडीबाई तंबूत पाय पाण्याच्या बादलीत सोडून बसल्या होत्या.

"सुरुवातीपासून सांगा, मॅडम."

"त्र्याहत्तर साल. दुसरी नन."

"पहिली कोण होती?"

"जिला संवाद होते ती."

वसुंधरेनं लिहिलं. "मग?"

"मग पोस्टातली बाई. मग खून झालेल्या माणसाची मावशी. मग खून झालेली मावशी. मग एका मोठ्या सिनेमात ट्रॉली ढकलणारी बाई. ट्रॉली छान होती."

"एकूण किती झाली कामं?"

"एकशे बारा. त्यात मेले एकतीस वेळा. चार वेळा तर गोष्ट सुरू व्हायच्या आधीच."

"आणि नायिका?"

"दोन दिवस. नायिकेचा पाय मुरगळला होता. मग बरा झाला." बाईंनी बादलीतले पाय हलवले. "तरुण मुलींचे पाय फार लवकर बरे होतात."

वसुंधरेचं पेन थांबलं. वहीत मावश्या, मोलकरणी आणि प्रेतं यांची रांग लागली होती. हॉलिवूड कुठेच नव्हतं. तरी तिनं धीर करून विचारलं, "एवढ्या नन कशा काय केल्यात तुम्ही? मी मोजल्या, वीस आहेत."

"ती पहिलीच फार चांगली झाली ना! तीच चूक." बाई म्हणाल्या. "वसू, एक ध्यानात ठेव. जे काम तुला पुन्हा नको असेल, ते चांगलं करायचं नाही."

वसुंधरा हसली. हे वाक्य मात्र तिनं वहीत लिहिलं नाही. लिहायला हवं होतं.

मग बाईंनी तिला कामाची गोष्ट दाखवली. नर्सचं पात्र करणारी मुलगी, लंडनची, चोवीस वर्षांची, केसांची जाहिरात करून आलेली, तिचा कोट खुंटीवर होता. प्रसंग असा: मुलगी घर सोडून ओमानला निघते, आई तिला कोट घालून देते. आईला अकरा वाक्यं.

"ही अकरा वाक्यं कापली जाणार," ब्रीडीबाई थंडपणे म्हणाल्या. "वाक्यं नेहमी कापतात. तोंडही कापतात. पण हातात कामाची वस्तू असेल तर ते हात कापता येत नाहीत. किल्ली माझ्याकडे, तर दार माझ्याशिवाय उघडत नाही. चहाची किटली माझ्याकडे, तर नायक तहानलेला. मी पटकथा आली की आधी वस्तू शोधते, वाक्यं मागाहून. इथे आहेत पाच बटणं. बिनबटणाच्या कोटात ती पावसात कशी जाईल? तेव्हा, वसू, तेवढी काजं जरा घट्ट कर."

"किती घट्ट?"

"एका बटणाला चार सेकंद लागतील एवढी."

वसुंधरेनं आयुष्यभर काजं सैलच केली होती. गिऱ्हाईक तेच मागतं. मुद्दाम घट्ट काज शिवायचं म्हणजे कारागिराच्या हाताला लाज. पण तिनं प्रत्येक काज दोन्ही टोकांनी दोन दोन टाक्यांनी आवळलं. दुपारी प्रसंग झाला. आई बटण ढकलतेय, बटण जात नाही, आईचा अंगठा थरथरतोय, मुलगी खाली बघतेय. दिग्दर्शकाच्या डोळ्यांत पाणी आलं. ते घट्ट काजांचं श्रेय आहे हे त्याला कोण सांगणार! तीनदा मागून उंट आला, तीनदा पुन्हा करावं लागलं. चौथ्यांदाही आला होता, पण धुक्यात तो दगडच वाटला म्हणून सगळे गप्प बसले.

वसुंधरेनं परिचय लिहिला तोही टाके घालूनच. वीस नन झाल्या "विविध धार्मिक भूमिका". पोस्टातल्या बाया झाल्या "दळणवळण क्षेत्रातील व्यक्तिरेखा". एकतीस मरणं झाली "शोकात्म अभिनयावर विशेष प्रभुत्व". ट्रॉली तिनं गाळली.

ट्रॉली विशाखाताईंना सापडली.

"अगं वसुंधरा," त्यांचा सकाळी फोन, "डॉक्टरांनी नेटवर बघितलं सहज. तिथे 'वुमन विथ ट्रॉली' असं लिहिलंय. नावसुद्धा नाही गं पात्राला! आणि बऱ्याच ठिकाणी डेड बॉडी. आपण कुणाला कमी लेखत नाही हं, कला ती कला. पण प्रमुख पाहुणी म्हणून... दुक्मची मुलं पाचशे किलोमीटरवरून येतायत. त्यांना काय, प्रेत दाखवायचं?"

"पण ताई, मी आमंत्रण दिलंय."

"येऊ दे की! विशेष उपस्थिती म्हणून. तिसऱ्या रांगेत छान जागा करू. आणि त्या मालिकेतली मेन मुलगी आहे ना, ती परवा ताप दाखवायला डॉक्टरांकडेच आली होती. तिला विचारलं, ती येतेय. तेव्हा परिचय... म्हणजे नियमच आहे आपला. तू आपलं नेहमीचं सांभाळ. तुझ्यासारखे आभार कुणाला जमत नाहीत बाई."

वसुंधरेनं फोन ठेवला. प्रशांत चहा पीत होता.

"काय झालं?"

"तिसरी रांग झाली."

"कुणाची?"

"दोघींची."

ती बाईंना सांगायला गेली तेव्हा तिला जमीन पोटात घेईल तर बरं, असं वाटत होतं. मॅडम, प्रमुख नाही, विशेष. मॅडम, व्यासपीठ नाही, रांग. ब्रीडीबाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि एकच प्रश्न विचारला.

"जेवण आहे ना?"

"आहे."

"मग तुझा चेहरा असा का? मला काही फरक पडत नाही. तुला काय हवं होतं?"

चौदा वर्षांत हे कुणी विचारलं नव्हतं. वसुंधरेनं सांगितलं. सर्वप्रथम, झाकण, खुर्च्या, झोपलेली मुलं, रमण, सगळं. 

"म्हणजे तुझी अकरा वाक्यं दर वर्षी कापतात," त्या म्हणाल्या. "आणि हातात काय असतं तुझ्या?"

"कागद."

"कागदाचं काय करायचंय कुणाला!"

वसुंधरा घरी आली ती विचार करतच. मंडळात लोकांना नेमकं काय हवं असतं? पाहुणा नको असतो, परिचय नको असतो, आभार तर नकोच. हवं असतं ते एक निळं कूपन. दोन वर्षांमागे जेवण कमी पडलं होतं. तेव्हापासून माणशी एक कूपन, कूपन नाही तर पान नाही, असा कडक शिरस्ता. ती कूपनं सकाळी दारात वाटायची, आणि ते काम कुणालाच नको असे, कारण जो वाटतो तो ज्यांना दोन दोन हवी असतात त्यांच्या शिव्या खातो.

शेवटच्या बैठकीत तिनं हात वर केला. "कूपनं यंदा मी बघते. दारात गर्दी होते, एकेक जण दोनदा घेतो. मी शेवटी देईन, ओळीनं."

विशाखाताई फोनवर शालीचा रंग ठरवत होत्या. "कर बाई तुला हवं तसं," त्या म्हणाल्या. आणि दोनशे दहा निळी कूपनं, रबर लावून, वसुंधरेच्या पर्समध्ये गेली.

शुक्रवार उजाडला. भुरभुर पाऊस, हॉल गच्च, दुक्मचे गडी मागच्या रांगांत इस्त्रीच्या शर्टांत अवघडून बसलेले. मालिकेतली मुलगी आली. सुरेख होती, आणि तिच्यासाठी शिट्टी वाजली तेव्हा बिचारी दचकलीही. विशाखाताईंनी परिचयाचा कागद उघडला आणि एक अडचण उभी राहिली, जी त्यांच्या ध्यानात आधी आली नव्हती. मुलीला चेहरा होता, परिचय नव्हता. तिनं केसांची एक जाहिरात केली होती आणि ही मालिका करत होती. चाळीस सेकंदांत सगळं संपलं. उरलेल्या सहा मिनिटांत विशाखाताईंनी मंडळाच्या कार्याचा आढावा घेतला. मुलीनं शाल घेतली, नारळ कुठून फोडतात ते विचारलं, सगळ्यांना हात हलवला आणि शूटिंगला निघून गेली. तिसऱ्या रांगेत ब्रीडीबाई मांडीवर पर्स घेऊन बसल्या होत्या आणि मंगळागौरीच्या खेळांना मनापासून टाळ्या देत होत्या.

दीड वाजता निवेदकानं म्हटलं, "आणि आता आभारप्रदर्शन..."

झाकण निघालं. मसालेभाताचा वास आला. खुर्च्या सरकल्या. वसुंधरा माइकपाशी गेली आणि नेहमीसारखी म्हणाली, "सर्वप्रथम."

लोक मागच्या टेबलांकडे पोचले. केटररचा माणूस झारा हातात घेऊन उभा होता.

"कूपन?"

"कूपन कुठंय?"

"कूपन कुणाकडे आहेत रे?"

"वसुंधराताईंकडे."

सगळ्या माना एकदम वळल्या. वसुंधरेनं पर्स उघडली, निळा गठ्ठा बाहेर काढला आणि माइकच्या शेजारी टेबलावर ठेवला. त्यावर हात ठेवला.

"बसून घ्या," ती म्हणाली. "आभार झाले की ओळीनं देते."

दोनशे माणसं परत आली आणि बसली. मंडळाच्या इतिहासात असं घडलं नव्हतं. रमणनं सवयीनं वायर गुंडाळायला घेतली होती. तो थांबला, आणि त्यानं वायर पुन्हा उलगडली.

"सर्वप्रथम," वसुंधरा पुन्हा म्हणाली, "मला आभार मानायचे आहेत तिसऱ्या रांगेतल्या बाईंचे. यांनी एकशे बारा कामं केली. त्यातली बहुतेक तुम्ही बघितली असतील, तरी ती तुमच्या लक्षात नसतील. या वीस वेळा नन होत्या, पण नेहमी दुसरी. एका सिनेमात यांनी ट्रॉली ढकलली. ट्रॉली छान होती, असं त्या म्हणतात. या एकतीस वेळा मेल्या. त्या मेल्या म्हणून एकतीस नायिकांना रडता आलं. नायिकेला दार कुणी उघडलं? यांनी. चहा कुणी दिला? यांनी. कोट कुणी घालून दिला? यांनी. आपण नायिकेकडे बघत होतो. आणि दार आपोआप उघडलं असं आपल्याला वाटलं."

मागच्या रांगेत कुणीतरी "ओहो!" म्हणालं. तिथे स्वयंपाकी होते, वेल्डर होते, क्रेनवाले होते, नर्सा होत्या. दार उघडण्याचा पगार घेणारी माणसं. टाळी आधी दुक्मच्या गड्यांकडून आली, आणि ती जिलबीसाठी नव्हती, निदान पूर्णपणे नव्हती.

मग वसुंधरा थांबेचना. चौदा वर्षांचं साठलेलं होतं. तिनं मंडप घालणाऱ्यांचे आभार मानले, नावानिशी. झाडणाऱ्याचे मानले. कोटाच्या अस्तराला मलमल देणाऱ्या बाबामियाँचे मानले, त्यांना तर ऐकून रडूच आलं. "चौदा वर्षं माझं भाषण उभ्यानं ऐकणारे एकमेव श्रोते, श्री. रमण," असं ती म्हणाली तेव्हा आपलं नाव ऐकून रमणला वाटलं माइक बिघडला, आणि तो धावत आला. सगळा हॉल हसला, वसुंधरेनं त्याला तिथेच उभं करून सगळ्यांना टाळ्या वाजवायला लावल्या. ब्रीडीबाईंना व्यासपीठावर बोलावून तिनं बाबामियाँच्या दुकानातली शाल त्यांच्या खांद्यावर घातली. त्यांनी डोळे पुसले. खरे पुसले की कसे, हे बेचाळीस वर्षांच्या अनुभवापुढे कळायला मार्ग नव्हता.

एकोणीस मिनिटं. त्यानंतर कूपनं, आणि प्रत्येक माणूस कूपन घेताना वसुंधरेच्या डोळ्यांत बघून काहीतरी बोलून गेला. "वहिनी, रडवलंत हो." "ताई, माझं नाव घेतलंत, आईला फोन करून सांगतो."

ती त्या कौतुकात मानेपर्यंत बुडालेली असताना विशाखाताईंनी माइक हातात घेतला. जेवणाऱ्यांच्या गलक्यावर त्यांचा गोड आवाज आला.

"एक मिनिट हं! आज आपल्याला कळलं की आपल्याकडे केवढा हिरा आहे. म्हणून मी अध्यक्ष या नात्यानं जाहीर करते, की यापुढे मंडळाचं आभारप्रदर्शन कायमस्वरूपी वसुंधराताईच करतील. दुसऱ्या कुणाला आपण ते करूच देणार नाही! मंजूर?"

"मंजूर!" दोनशे माणसं, तोंडात मसालेभात असतानाही. सगळ्यात मोठ्यानं प्रशांत ओरडला. त्या माणसाला बायकोचा अभिमान वाटत होता, दुसरं काय.

वसुंधरेच्या हातातली अळूवडी तशीच राहिली. तिनं ब्रीडीबाईंकडे बघितलं. त्यांना मराठी कळत नव्हतं. पण वसूच्या चेहऱ्यावरून सगळं कळलं. हा चेहरा त्यांनी त्र्याहत्तर साली स्वतःच्या आरशात बघितला होता.

"कायमचं?" त्यांनी विचारलं.

"कायमचं."

"सांगितलं होतं मी तुला." त्यांनी तिसरी जिलबी उचलली. "फार चांगलं करायचं नाही."

पुढच्या वर्षी मालिका लागली. बाबामियाँच्या दुकानात शटर अर्धं ओढून सगळ्यांनी लॅपटॉपवर ती बघितली. आईची अकराच्या अकरा वाक्यं गेली होती. चेहराही गेला होता, फक्त हनुवटीचं टोक एकदा दिसलं. पण दोन म्हातारे हात पाच बटणं लावत होते आणि बटणं जात नव्हती. वसुंधरेनं मोजलं: वीस सेकंद पूर्ण. मागे धुक्यात आयर्लंडच्या टेकडीवरून एक दगड डावीकडून उजवीकडे चालत गेला.

"अगो, हा उंट!" बाबामियाँ म्हणाले. "ह्याला कुणी कापला नाय?"

आता सगळं मिटल्यावर कुणी काय भरलं ते बघू. दोनशे माणसांनी एकोणीस मिनिटं भरली आणि गार जिलबी खाल्ली. पण ती मिनिटं वसूल झाली असं त्यांचंच म्हणणं आहे. शाल बाबामियाँनी भरली. बदल्यात व्यासपीठावरून नाव निघालं, ते त्यांनी दुकानाच्या पाटीखाली लावून टाकलं. विशाखाताईंनी परिचयाची सहा मिनिटं गमावली, आणि लगेच एका वाक्यात चौदा वर्षांचा एक प्रश्न कायमचा निकालात काढून ती व्याजासकट वसूल केली. ब्रीडीबाईंनी अकरा वाक्यं दिली, वीस सेकंद घेतले, आणि पत्रात लिहिलं की एकविसाव्या ननचं बोलावणं आलंय. उंटानं काहीच भरलं नाही.

भरायचं ते भरलं वसुंधरेनं, आणि अजून भरतेय, दर खरिफात एक हप्ता. मात्र कूपनांचा गठ्ठा त्यानंतर तिनं कधी दुसऱ्या कुणाच्या हातात दिला नाही.